शेवगा मुठीत मावला तर

स्वप्नात घरी पोचलं की आधी अंगणातल्या शेवग्याला हात लावायचा, हे मला ताईनं शिकवलं. आई गेली त्या वर्षी. मी दुसरीत होते, ताई सातवीत.

आमचं गाव खालापूरच्या अंगाला, डोंगराच्या पायथ्याशी. मागच्या दारात उभं राहिलं की ठाकुरवाडीच्या बाजूनं घाट चढणारी गाडी सुरवंटासारखी दिसायची. बाबा खोपोलीच्या कागदाच्या कारखान्यात पाळीवर जायचे आणि उरलेल्या वेळात भात लावायचे. आईला कावीळ झाली. आधी झाडपाल्याचं औषध झालं, मग खोपोलीचा दवाखाना, मग पनवेल. मी शाळेत असताना तिला टेंपोत घालून नेलं. ती परत आली नाही.

त्यानंतर मला एकच स्वप्न पडायला लागलं. स्वप्नातलं घर आमचंच असायचं, पण गाव आमचं नसायचं. घरामागं खाचरं असायला हवीत तिथं खोपोलीच्या शिळफाट्यासारखा बाजार असायचा. नदी कधी समोर असायची, कधी डाव्या हाताला. आई ओटीवर तांदूळ निवडत बसलेली दिसायची. मी धावत सुटायचे, आणि उंबरा ओलांडेपर्यंत काळ सरकलेला असायचा. आत आई नसायची. चूल थंड, बाबांचं डोकं भादरलेलं. एकाच स्वप्नात आई असायची आणि गेलेलीही असायची. मी किंचाळत उठायचे. बाबा उठून अंगणात जाऊन बसायचे.

एका सकाळी आम्ही दोघी मोरीपाशी राखुंडीनं दात घासत होतो. ताई चूळ भरून म्हणाली, "तू चुकीच्या वर्षात जातेस."

मला काही कळलं नाही.

"मला पण पडतंय ते सपान," ती म्हणाली. "तेच घर, तोच बाजार. तिथं सगळी वर्षं एकदमच असतात, एकाला एक चिकटून. आपण कुठल्या वर्षात उतरलो ते आधी बघायला लागतं. तू बघतच नाय, घुसतेस आत."

"कसं बघायचं?"

तिनं इकडंतिकडं पाहिलं. अंगणाच्या कडेला आईनं आदल्या पावसाळ्यात बी टोचून लावलेला शेवगा होता, वळचणीला टेकायला आलेला.

"माणसांकडं नाय बघायचं," ताई म्हणाली. "माणसं सपनात कुठल्या पण वयाची होऊन येतात. झाडाला तसं नाय जमत. शेवग्याला हात लावायचा. मुठीत मावला तर आई घरात हाय, खुशाल आत जा. मुठीत नाय मावला तर आई नाय. मग आत जायचंच नाय. बाजाराकडं चालू लागायचं."

"आणि झाडच नसलं तर?"

याचा विचार तिनं केला नव्हता बहुतेक. पण तिनं लगेच उत्तर दिलं. "झाड नसलं म्हणजे तू अजून झालीच नायस. आई असेल, पण तुला ओळखणार नाय. वाईट वाटून घ्यायचं नाय." शेवगा माझ्यापेक्षा लहान होता, हे तेव्हा दोघींच्याही लक्षात आलं नाही.

मी दात घासता घासताच जाऊन शेवग्याला मूठ घालून पाहिली. माझ्या मुठीत तो मावत नव्हता. ताईच्या मावला. म्हणून आम्ही ठरवलं की मूठ ताईची धरायची. स्वप्नात माझी मूठ ताईच्या मुठीएवढी होते, हे मी तेव्हा विनातक्रार मान्य केलं, आणि खरंच तशी व्हायला लागली.

पहिल्याच खेपेला सगळं नीट जमलं असं नाही. कधी मी विसरायचे. कधी झाड हातात असतानाच काळ सरकायचा आणि खोड मुठीत फुगत जायचं, बोटं उघडत जायची. त्यावरही ताईकडं उपाय होता. खोड फुगायला लागलं की सोडून द्यायचं आणि घराकडं वळून बघायचं नाही. आणि जागं झाल्यावर लगेच कूस बदलायची नाही, कूस बदलली की पाहिलेलं सांडतं.

मग आम्ही त्या गावाचा नकाशा करायला घेतला. कागदावर तो येईना, कारण नदी जागा बदलायची. ताईनं गोठ्यात दोरे टांगले. खताच्या गोणीची शिवण एका टोकाला बरोबर सापडली की सगळा दोरा सरसर एका ओढीत निघतो, तो दोरा. एका स्वप्नाला एक दोरा. आई भेटली तिथं गाठ. दोरे पडलेल्या क्रमानं लावायचे नाहीत, झाडाच्या जाडीनं लावायचे: झाड नसलेले अगदी डावीकडं, मग काडीएवढा शेवगा, मग मुठीएवढा, मग जाड. एखाद्या स्वप्नात मधेच काळ सरकला असला तर त्याचा दोरा तिरका नेऊन दुसऱ्या वर्षाच्या दोऱ्याला बांधायचा. असे महिनाभर दोरे लागले आणि त्या गावाची वर्षं ओळीनं दिसायला लागली. कुठून कुठं घसरायला होतं तेही दिसायला लागलं. बाजाराच्या बाजूनं घरात आलं की काळ हमखास सरकायचा. नदीच्या बाजूनं आलं तर टिकायचा. मी नदीकडून जायला शिकले.

ताईचे दोरे निळे होते. ती तिची स्वप्नं सांगायची आणि त्यात आई माझ्यासाठी निरोप ठेवायची. "काल आई नदीवर गोधड्या धूत होती. म्हणाली, धाकटी शाळेत जाते का नीट? जेवते का?" मी शाळेत जाता जाता तो निरोप पुन्हापुन्हा मनात म्हणायचे.

बाबांनी गोठ्यातले दोरे पाहिले होते. त्यानंतर कुठलीही गोणी उघडताना विळ्यानं कापायची सोडून ते शिवण शोधत बसायचे, आणि अखंड दोरा खिडकीत ठेवून कामावर जायचे.

मला झोप यायला लागली. ओरडणं थांबलं.

ताईचं लग्न झालं, ती खोपोलीला शिळफाट्यावर गेली. खरा शेवगा एका वादळात मोडला; शेवग्याचं लाकूडच ठिसूळ. पुढं बाबाही गेले. माझं लग्न झालं आणि टिकलं नाही. त्यात सांगण्यासारखं फारसं नाही, आम्ही दोघंही तसे बरे होतो आणि एकमेकांना कंटाळलो. मी कर्जतला एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये रक्त काढायचं काम करते आणि शेलूला नव्या इमारतींपैकी एकीत, चौथ्या मजल्यावर राहते. दिवसभर माणसं समोर येऊन बसतात, बाही वर करतात आणि दुसरीकडे बघतात. सुई टोचताना कोणी माझ्याकडे बघत नाही. सुरुवातीला मला ते सोयीचं वाटायचं.

स्वप्न मात्र थांबलं नाही. महिन्यातून एकदा, कधी दोनदा. दोरे मी आतल्या खोलीत पडद्याच्या दांडीला लावत आले. शेलूत खताची गोणी कुठली? वाण्याकडून तांदळाच्या गोणीचे दोरे मागून आणायचे. एकदा समोरची शेजारीण साखर मागायला आली, तिनं ते दोरे पाहिले आणि म्हणाली, "मॅक्रमेचं विणकाम करता वाटतं तुम्ही? आमच्या हॉलला एक करून द्याल?" मी म्हटलं, सवड मिळाली की करते.

गेल्या वर्षी स्वप्नात काहीतरी बिघडलं. मी नदीकडून जायचे, अंगणात पोचायचे, शेवग्याला हात घालायचे आणि तो मुठीत मावायचा नाही. प्रत्येक वेळी. पुढंपुढं तर दोन्ही हातांच्या कवेत येईना. नियम होता, मी मागं फिरायचे. मग स्वप्न संपेपर्यंत त्या बाजारात हिंडायचं. दुकानं उघडी, माल लावलेला, माणसं जात-येत, आणि ओळखीचं कोणी नाही. जाग आली की चहा करायचा आणि कर्जतची गाडी धरायची. सगळा पावसाळा असा गेला, दिवाळी गेली. दांडीच्या उजव्या टोकाला दोऱ्यांचा गुच्छ झाला, बाकी दांडी तशीच.

मला वाटलं, ताईला विचारावं. तिला झाड कसं दिसतं, आई तिला भेटते का. मोठेपणी आम्ही यावर कधी बोललो नव्हतो. संसार, सासू, मुलं, तिचे गुडघे, यातून त्या गावापर्यंत बोलणं पोचायचंच नाही. पण ती तिथं जातच असणार, याबद्दल मला शंका नव्हती.

एका रविवारी मी खोपोलीला गेले. दाजी टेंपो घेऊन भाड्यावर गेले होते, मुलगा-सून कामावर. ताई स्वयंपाकघरात खाली बसून मोड आलेले वाल सोलत होती. मीही ताटाशी बसले. सोललेल्या वालांचा तो कच्चा हिरवा वास हाताला लागला.

थोड्या वेळानं मी म्हटलं, "ताई, तुला अजून पडतं का गं ते?"

"काय?"

"घर. शेवगा."

तिनं हातातला वाल सोलला, ताटात टाकला, दुसरा घेतला. "तुला अजून पडतंय?"

"हो. पण आता झाड कायम जाडच असतं. आई भेटतच नाही. तुला कसं दिसतं?"

"मला नाय पडत."

"कधीपासून?"

ती वाल सोलायची थांबली. "कधीच नाय पडलं गं बाय."

मला आधी वाटलं ती विसरली. मी तिला आठवण करून द्यायला लागले: निळे दोरे, नदीवरच्या गोधड्या, आईनं विचारलेलं. ती ऐकत राहिली आणि मग म्हणाली, "ते मीच सांगायचे. तू ओरडायचीस, बाबा उठून भायेर जाऊन बसायचे. मला दोघांची भीती वाटायची. तू झोपलीस की बाबा आत यायचे. म्हणून काय काय सांगत बसले. शेवगा समोर दिसला म्हणून शेवगा सांगितला. विहीर दिसली असती तर विहीर सांगितली असती."

"एकदाही नाही गेलीस तिथं?"

"नाय."

मला तिचा राग आला. खोटं बोलली म्हणून नाही. इतकी वर्षं त्या बाजारात मी एकटीच हिंडत होते, आणि मला ते माहीत नव्हतं. कुठल्यातरी वळणावर ताई असेल, आज नाही तर पुढच्या खेपेला दिसेल, या भरवशावर मी तिथं जात होते. लॅबमध्ये, घरात, लग्नातसुद्धा मी एकटी होते हे मला ठाऊक होतं. पण ते एक गाव आम्हा दोघींचं आहे असं मी धरून चालले होते.

मी जेवायला थांबले नाही. तिनं सोललेले वाल डब्यात भरून दिले, ते घेतले आणि घरी येऊन ओट्यावर ठेवले. दुसऱ्या दिवशी ते आंबले. ताईचे फोन आले, ते मी उचलले नाहीत. मग तेही यायचे थांबले.

त्यानंतरच्या एका स्वप्नात मी नियम मोडला. शेवगा वडासारखा झाला होता. मी त्याला हातही लावला नाही, सरळ ओटी चढून आत गेले. लहानपणी जिथं किंचाळायचे तिथं उभी राहिले. आत काही नव्हतं. जमीन सारवलेली, चूल थंड, कोपऱ्यात पाटा. भीती वाटण्यासारखं काही नव्हतं. मी पाट्याशेजारी भिंतीला टेकून बसले. कोणी आलं नाही. बाहेर बाजाराचा आवाज येत होता. बराच वेळ बसले आणि उठले तेव्हा शेलूत उजाडलं होतं.

चहा न करताच मी ताईला फोन लावला. काय झालं ते सांगितलं. मग तिनं विचारलं, "घर सारवलेलं होतं?"

"होतं."

"मग बरं," ती म्हणाली. आणि थोड्या वेळानं: "मी येऊ का तुझ्याकडं?"

ती यायची होती त्या दिवशी लिफ्ट बंद होती. गुडघ्यांवर हात ठेवत चार मजले चढून आली आणि आधी पाणी प्यायली. मग आतल्या खोलीत गेली आणि दांडीसमोर उभी राहिली.

"एवढे?"

"एवढे."

"सांग," ती म्हणाली. "मला सांग काय काय व्हायचं. मी वाट बघायचे गं. हिला दिसते तर मला पण दिसेल, असं वाटायचं. उशीखाली आईची चोळी घेऊन झोपायचे. नाय आली. आता तर तिचं तोंड पण नीट आठवत नाय."

आम्ही पलंगावर बसलो आणि मी मुठीएवढ्या शेवग्याच्या दोऱ्यांपासून सांगायला सुरुवात केली. आई ओटीवर बसलेली असायची. मला बघून हसायची. विचारायची, जेवलीस का गं बाय?

ताई एकदम हसली. "आई? आई असं कधीच नाय विचारायची. आई म्हणायची, गिळलं का? लय तापट बाई. माझ्या पाठीत रोज धपाटा असायचा."

मी पुढं सांगत गेले. आई हात धुतला की ओला हात मानेला पुसायची. बोलताना डावीकडं मान कलती करायची. ताई एकेकाला नाही म्हणत गेली. आईला अशी सवय नव्हती, तशी नव्हती. मग ती चहा टाकायला उठली, साखरेचा हात धुतला आणि मानेला पुसला.

मी म्हटलं, "ताई, हे."

"काय हे?"

"आत्ता केलंस ते."

ती हात तसाच मानेवर ठेवून माझ्याकडं बघत राहिली. "ह्याच्यावरून सासूनं मला आयुष्यभर बोलून घेतलं," ती म्हणाली. मग तिच्या लक्षात आलं आणि ती खाली बसली.

माझ्या स्वप्नात इतकी वर्षं ओटीवर बसलेली बाई आई नव्हती. बारा-तेरा वर्षांच्या मुलीनं निरोप रचले होते, आणि त्या निरोपांना साजेशी आई मी तिच्याच हावभावांतून बनवली होती. ताईला आई स्वप्नात दिसली नव्हती. मलाही दिसली नव्हती. चहा उतू गेला. आम्ही दोघी रडलो नाही.

गॅस पुसता पुसता ताईनं विचारलं, "आणि झाड नसलं की? तेव्हा काय व्हायचं?"

ते दोरे दांडीच्या अगदी डाव्या टोकाला होते, चार-पाचच. त्या स्वप्नांत काय व्हायचं ते मी तिला लहानपणीही कधी सांगितलं नव्हतं, कारण ते आठवायला मला आवडायचं नाही. वाईट वाटून घ्यायचं नाही असं तिनं बजावलं होतं, आणि मला तर वाटायचंच.

"तेव्हा ती मला ओळखायची नाही," मी म्हटलं. "सूप घेऊन अंगणात बसलेली असायची. मी समोर जाऊन उभी राहिले की वर न बघताच म्हणायची, कोण गं ती? हो बाजूला, ऊन अडवतेस."

ताईच्या हातातलं फडकं तसंच राहिलं.

"परत म्हण," ती म्हणाली.

मी परत म्हटलं.

"असंच?"

"असंच. रागानं."

"ती आई," ताई म्हणाली. "ऊन अडवतेस. मला रोज म्हणायची. तू आईच्या पोटात होतीस तेव्हा पण." आणि मग ती रडली, तोंडाला पदर लावून, आवाज न करता, आणि रडता रडता मला पुन्हा विचारत राहिली: लुगडं कुठलं होतं, केस काळे होते का, हातात बांगड्या होत्या का. मला जेवढं आठवलं तेवढं मी सांगितलं. बांगड्यांचं नक्की आठवलं नाही, तर नाही आठवत म्हणून सांगितलं.

जेवून ती दुपारच्या गाडीनं निघाली. मी स्टेशनपर्यंत सोडायला गेले. कर्जतला गाडी बदलायची आहे, खोपोलीची सुटायला वेळ असेल तर बाकावर बस, उभी राहू नकोस, असं सांगितलं. ती म्हणाली, मी काय पहिल्यांदा चाललेय का. गाडी आली, ती चढली, खिडकी मिळाली. तिनं हात केला नाही; पिशवी मांडीवर घेऊन नीट बसण्यात ती गुंतली होती.

परत आले तर शेजारीण जिन्यात भेटली. "पाहुणे होते वाटतं?"

"बहीण."

"राहिली नाही?"

"नाही. तिला घरचं असतं."

दोन ताटं, दोन वाट्या घासल्या. ओटा पुसला. खाली मुलं गाड्यांच्या मधल्या जागेत खेळत होती, त्यांचा आरडाओरडा वरपर्यंत येत होता. मी घड्याळाकडं पाहिलं. संध्याकाळ व्हायला अजून बराच वेळ होता.